घर कुणाचं म्हणायचं

पेण,
१४ सप्टेंबर २०२५

प्रिय हन्नाताईस,
सप्रेम शालोम.

पाकीट बघून दचकू नकोस. फोनवर आपलं बोलणं तिसऱ्या वाक्याला फिसकटतं आणि व्हॉट्सअ‍ॅपवर तुला एक अक्षरही लिहायचं नाही अशी माझ्या प्रविण वकिलांची सक्त ताकीद आहे. माझा ‘नंतर बघू’ एवढाच मेसेज तू छापून कोर्टात लावलास, तेव्हापासून त्यांनी माझ्या फोनचा धसका घेतलाय. म्हणून कागद.

काल मी लोकअदालतीत दिवसभर बसून होते. नवी साडी नेसून बसले होते, हेही सांगते. सहा वर्षांची कटकट संपणार म्हणून जोशुआने दुकान सांभाळलं, मला बर्फी आणायला पैसे दिले, आणि तुझा पत्ता नाही! नावाचा पुकारा झाला तेव्हा तुझे वकील उठून म्हणाले, “ताईंचा शनिवार असतो, त्या यायच्या नाहीत.” पॅनेलवरच्या न्यायाधीश बाई माझ्याकडे अशा बघायला लागल्या, जणू मीच तुला कुठे कोंडून आले आहे.

ताई, सगळं ठरलं होतं ना? बाबांनी मृत्युपत्रात अख्खी वाडी मला दिली. तू दावा लावलास, मी निम्मी सोडायला तयार झाले. वडखळच्या रस्त्याकडचा, म्हणजे भाव असलेला तुकडा तुला. खाडीकडचा, त्यातल्या घरासकट, मला. विहीर सामाईक. तुझ्या वकिलांनी मसुदा मोठ्याने वाचला, तू मान डोलावलीस. सही तेवढी राहिली होती.

नसेल करायची तर नाही म्हण. पण शनिवार पुढे करू नकोस. पुढची लोकअदालत आता डिसेंबरात आहे.

तुझी,
नाओमी

•

अष्टमी, रोहा
१९ सप्टेंबर २०२५

सौ. नाओमी जोशुआ पेणकर यांस,

आपलं पत्र पोचलं. बर्फी फुकट गेली याचं वाईट वाटलं.

शनिवारी मी लेखणी धरत नाही, गाडीत बसत नाही, हे तुला ठाऊक नव्हतं? आपण एकाच आईच्या पोटच्या ना? शुक्रवारी शब्बाथचा दिवा लागला की आई आपल्याला शाळेची पिशवीसुद्धा उघडू द्यायची नाही. शाळेत शिकवत असताना मी शनिवारच्या सकाळच्या शाळेपायी हेडमास्तरांशी बारा वर्षं भांडले, शेवटी त्यांनी माझे तास रविवारच्या जादा वर्गांत टाकले. अख्ख्या रोह्याला हे माहीत आहे. तुला मात्र माहीत नाही, कारण शनिवारी तुझ्या दुकानात पापड विकले जातात.

तुझ्या प्रविण वकिलाने शनिवार मुद्दाम निवडला असं माझं स्पष्ट मत आहे. म्हातारी येणार नाही, मग ती अडून बसली असं कोर्टाला दाखवता येईल. छान डाव आहे.

आणि मृत्युपत्राचं मला ऐकवू नकोस. वाडी कुणाच्या नावावर केली ते मला पाठ आहे. बाबांना मी या अष्टमीच्या दोन खोल्यांत आणलं. भरवलं, आंघोळ घातली, रात्री कूस बदलली. माझ्याकडे दुकान सांभाळायला नवरा नव्हता, शाळेतून धावत यायचे. तू रविवारी यायचीस, डोक्यात गजरा घालून, आणि संध्याकाळच्या एसटीने परत. आणि ते गेल्यावर कागद उघडला तर नाव तुझं.

सहा वर्षं झाली, अजून त्या कागदाने माझा घास अडतो.

हन्ना

•

पेण,
२७ सप्टेंबर २०२५

ताई,
शालोम, आणि आपल्या नव्या वर्षाच्या शुभेच्छा. तू दिल्या नाहीस, तरी मी देते.

प्रविण वकिलांना विचारलं. ते आधी हसले, मग मलाच ओशाळल्यासारखं झालं. राष्ट्रीय लोकअदालत देशभर शनिवारीच भरते. कोर्टाला सुट्टी असते म्हणून तोच वार. आपल्या दोघींच्या भांडणासाठी सरकारने पंचांग बघितलेलं नाही. हे माझ्या वकिलांना माहीत होतं, पण आपला ज्यूंचा शब्बाथ त्यांना माहीत नव्हता. तुझ्या वकिलांना शब्बाथ माहीत होता, त्यांनी वार बघितला नाही. आणि मला दोन्ही माहीत असून डोक्यात आलं नाही. सही म्हणजे काही काम थोडंच, असं वाटलं मला. चुकलं.

पण गजऱ्याचं काढलंस म्हणून मीही काढते. मी रविवारी यायचे तेव्हा एकदा तरी वाटी माझ्या हातात दिलीस का? ‘त्यांना तुझ्या हातचं गिळता येत नाही,’ म्हणायचीस. पेज मी करून आणली तर ‘त्यांना मीठ चालत नाही,’ म्हणून ओट्यावर झाकून ठेवायचीस. मी काय करू मग? गजरा घालून बाजूला बसायचे. पाहुणीसारखी.

तू बाबांना ठेवून घेतलंस आणि मी वाडी. पावसाळ्याआधी दरवर्षी जोशुआ त्या घराची कौलं चाळायला स्वतः चढायचा. नारळ काढून घेणं, बांध घालणं, खाडीचं पाणी आत आलं की रात्रीबेरात्री धावणं, हे सगळं आम्ही केलं. तू त्या वर्षांत तिथे किती वेळा पाय ठेवलास?

आता खरं सांग. शनिवार ही एकच अडचण आहे, की घर?

नाओमी

•

अष्टमी,
५ ऑक्टोबर २०२५

नाओमी,

किप्पूरचा उपास झाला. परवा शिळा सणही झाला. आठवतं का, आपल्या लहानपणी या दिवशी दारात चपलांचा ढीग पडायचा? एकमेकांकडे जायचं, मनात काही राहिलं असेल तर बोलून टाकायचं. यंदा माझ्या दारात एकच जोड होती, शेजारच्या अस्लमची. त्याला पुऱ्या खाऊ घातल्या. पुऱ्या फुगल्या नव्हत्या, पण तो बिचारा “मस्त झाल्यात, ताई” म्हणाला.

मनात राहिलेलं बोलायचा दिवस होता, तर बोलते. घर.

वकील मसुदा वाचत होते आणि ‘घर प्रतिवादीकडे’ असं आलं तेव्हा मी मान डोलावली, कारण नाही म्हणायला तोंड उघडलं असतं तर रडले असते, आणि तुझ्यासमोर रडणं मला जमत नाही. नंतर सहीला शनिवार आला, तेव्हा बरंच झालं असं वाटलं. शब्बाथ खरा आहे, पण त्या दिवशी मी त्याच्या आड लपले हेही खरं.

त्या घरात माझा जन्म झाला. तू पेणच्या दवाखान्यात जन्मलीस, डॉक्टरच्या हातात. पण मी तेवढ्यासाठी म्हणत नाही. तुझ्या लग्नाच्या आधी त्या ओटीवर मलिदा झाला. गोड पोहे, खोबरं, फळं, सगळी मंडळी एलियाहू हानाबीची प्रार्थना म्हणताहेत आणि बाबा मध्ये बसून तुझ्याकडे बघताहेत. मग तुझ्या दोन्ही मुलींच्या वेळी. प्रत्येक वेळी खोबरं मी खवलं. माझ्यासाठी त्या ओटीवर कधीच कुणी खोबरं खवलं नाही, कारण माझ्या आयुष्यात मलिदा करण्यासारखं काही घडलंच नाही. मला तुझा हेवा वाटायचा. आताही वाटतो. तुझ्या लेकी तिकडे इस्रायलात, अश्दोदहून फोन करतात, तुझा नवरा तुला बर्फीला पैसे देतो, आणि ते घरही तुझंच.

रस्त्याकडची सगळी झाडं घे. भाव असलेला तुकडा घे. घर मला दे.

हन्ना

•

पेण,
२१ ऑक्टोबर २०२५

प्रिय ताई,

तुझं पत्र मी तीनदा वाचलं. जोशुआला वाचून दाखवलं नाही, कारण तो लगेच ‘देऊन टाक’ म्हणाला असता. तुझ्या बाबतीत तो नेहमी तसाच.

घर नाही देणार, ताई. रागाने म्हणत नाही. झाडं अजून घे, दोन्ही बाजूंची घे. विहिरीवर आठवडाभर तुझीच पाळी ठेव. पण घर मी सांभाळलंय. बाबांनी ते मला दिलं. त्यांनी मला दिलेलं तेवढं एकच आहे.

तुझ्यासाठी मलिदा झाला नाही हे मला कधी सुचलंच नाही. याचं फार वाईट वाटतंय. तरी घर नाही.

नाओमी

•

अष्टमी,
२५ नोव्हेंबर २०२५

चि. नाओमीस,

तुझ्या नकारानंतर मी चार पत्रं लिहिली आणि चारही फाडली. पाचवं फाडायचा कंटाळा आला म्हणून पाठवते आहे.

घर ठेव.

वकील म्हणतात, लढलात तर जिंकालही, पण तेव्हा निकाल ऐकायला तुम्ही असाल याची खात्री देत नाही. माझा गुडघा तर आताच कोर्टाच्या पायऱ्या चढत नाही. आणि आपल्या दोघींनंतर या वाडीवरून भांडायला आहे कोण? तुझ्या मुलींना पेण आता नकाशातच दिसतं. रोह्याच्या मशिदीत, आपल्या सिनेगॉगमध्ये, आता प्रार्थनेला लागतात ते दहा पुरुषही जमत नाहीत. रक्ताचं म्हणावं असं या जिल्ह्यात मला एकच माणूस उरलंय, आणि त्याच्यावर मी दावा लावलाय. एक दिवस अस्लमला हे सांगता सांगता मलाच हसू आलं.

तेव्हा जुनाच मसुदा राहू दे. तेरा डिसेंबरला पुन्हा शनिवारच आहे, पण मी तोड काढली आहे. शुक्रवारी दुपारी येते. सूर्य मावळायच्या आत प्रविण वकिलाच्या ऑफिसात सही करते. शनिवारी कोर्टात फक्त ‘मान्य आहे’ एवढं तोंडाने म्हणायचं, त्याला मनाई नाही. वकिलांनी विचारून घेतलं, न्यायाधीश बाईंना चालेल. तू तुझी सही शनिवारी तिथे कर, तुला चालतं.

मध्ये रात्र आहे आणि गाडीत बसता येणार नाही, म्हणजे तुझ्या घरी मुक्काम करावा लागेल. लॉजवर राहिले तर तू पेणभर रडत फिरशील.

हे मी मोठ्या मनाने करत नाहीये. मन अजून घरातच अडकलंय.

हन्ना

•

पेण,
२ डिसेंबर २०२५

प्रिय ताई,

ये. जरूर ये.

फक्त एक. डबा आणू नकोस. शुक्रवारचं जेवण मी करणार आहे, नारळाच्या दुधातली मच्छी. दर वेळी तू डबा आणतेस आणि जोशुआ बोटं चाटत “ताईंच्या हाताला काय चव आहे” म्हणतो, आणि माझं ताटात तसंच राहतं. तीस वर्षं ऐकतेय मी हे. या खेपेला रिकाम्या हाताने ये.

कोर्ट आमच्या घरापासून चालत जवळ आहे. गुडघ्याला जपून जाऊ.

नाओमी

•

अष्टमी,
१४ डिसेंबर २०२५

नाओमी,

हे पत्र मी थंड डोक्याने लिहायचं ठरवलं होतं. काल रात्री अस्लमच्या गाडीतून परत येताना नागोठण्याला त्याने न विचारताच मला चहा पाजला, इतका माझा चेहरा झाला होता. आज सकाळीही डोकं तापलेलंच आहे, तेव्हा तसंच लिहिते.

मी काय कमी केलं? रिकाम्या हाताने आले. तुझी मच्छी खाल्ली, चांगली झाली होती, तसं म्हटलंही. “ताई, आज दिवा तू लाव,” म्हणालीस तर तुझ्या घरात मी दिवा लावला. त्याआधी प्रविण वकिलाच्या ऑफिसात बसून तिन्ही पानांवर सही केली. ‘घरावर माझा हक्क राहणार नाही’ या ओळीखाली सही करताना पेन दोनदा खाली ठेवलं, ते तू बघितलंस. मी बघितलं, तू बघत होतीस. आणि तो कागद विश्वासाने तुझ्या पिशवीत ठेवला.

शनिवारी तुझ्या खांद्याला धरून चालत गेले. न्यायाधीश बाईंनी विचारलं, “आजी, मान्य आहे का?” मी म्हटलं, “मान्य आहे.” मग त्यांनी तुझ्यापुढे पेन सरकवलं.

आणि तू म्हणतेस, “आज मी सही करणार नाही. माझाही शब्बाथ आहे.”

तो शिरस्तेदार हसला ते बरोबरच केलं त्याने. “बाई, मागच्या शनिवारी तुमच्याच दुकानातून पापड नेले मी,” म्हणाला. सगळं कोर्ट हसलं. तू लाल झालीस, पण पेन काही उचललं नाहीस. तुझा वकील कपाळावर हात मारून खाली बसला. बावीस तारीख पडली आणि आपण बाहेर.

मला आता सरळ कळू दे. मी घर सोडल्याची सही तुझ्याकडे आहे, आणि तू मला काही दिल्याची सही कुठेच नाही. हे तू ठरवून केलंस का? मृत्युपत्र तुझं झालं. घर तुझं झालं. नवरा, मुली, देवाने तुला सगळं दिलं. माझ्याकडे एक शनिवार होता, जो मी पाळते आणि तू नाही. तोही तुला हवा झाला?

बावीसला मी येईन. पण तुझ्या घरी नाही. सरळ कोर्टात.

हन्ना

•

पेण,
१७ डिसेंबर २०२५

प्रिय ताई,

तुझा सहीचा कागद या पत्रासोबत परत पाठवते आहे. तिन्ही पानं आहेत, बघून घे. आता फाड हवा तर.

काय झालं ते सांगते. ऐकून तुझं माझ्याबद्दलचं मत सुधारेल असं वाटत नाही.

शुक्रवारी तू दिवा लावलास, डोक्यावर पदर घेतलास, डोळे झाकलेस. जोशुआ दारात उभा राहून म्हणाला, “आज हे घर घरासारखं वाटतंय.” ताई, माझ्या घरात, माझ्या नवऱ्याने, इतक्या वर्षांनी! मी आत जाऊन मच्छी उगाच ढवळत बसले, तुकडे मोडेपर्यंत. मग शनिवारी कोर्टात. न्यायाधीश बाई सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाल्या, “बघा, या वयात या चालत आल्या आणि घरही सोडताहेत. अशी माणसं आहेत अजून.” सगळे तुझ्याकडे बघायला लागले. चालत आलेली तू. घर सोडणारी तू. शब्बाथ पाळणारी तू. आणि शेजारी मी कोण? घर घेणारी, शनिवारी पापड विकणारी.

तेव्हा माझ्या अंगाचा नुसता भडका झाला. सही केली असती तर जन्मभर तू मोठी आणि मी हावरी. म्हणून तोंडाला आलं ते बोलले. डाव वगैरे काही नव्हता, ताई. निव्वळ जळत होते.

लोक हसले तेव्हा धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. घरी आले आणि गंमत अशी की त्या संध्याकाळी मी खरंच काही काम केलं नाही. नुसती बसून होते. तू दोनदा खाली ठेवलेलं पेन डोळ्यांपुढून जाईना.

तुला वाटतं बाबांनी घर मला दिलं म्हणजे जीव माझ्यावर होता. मी शेवटच्या वर्षी रविवारी त्यांच्यासमोर बसायचे, हात हातात घ्यायचे, आणि ते माझ्याकडे बघून विचारायचे, “हन्ना कुठे गेली?” तू भाजी आणायला खाली गेलेली असायचीस. मी म्हणायचे, “बाबा, मी आहे ना, नाओमी.” ते मान हलवायचे आणि दाराकडे बघत बसायचे. एकदाही त्यांनी तुला सोडून माझं नाव घेतलं नाही. वाडीवर असताना मात्र मला हाक मारायचे. म्हणून ते घर सुटत नव्हतं माझ्याने.

आता सोडते. प्रविण वकिलांकडून नवीन मसुदा केला आहे. घर तुझ्याकडे, घराभोवतीची जागा तुझ्याकडे, बाकी वाडी जशी होती तशी निम्मी. ते म्हणाले, “ताई, तुमचं डोकं ठिकाणावर आहे ना?” बावीस तारखेला सोमवार आहे, दोघींनाही सही चालते.

हे चांगुलपणाने करते असं समजू नकोस. निम्मं चांगुलपणाने, निम्मं तुला मोठी होऊ द्यायचं नाही म्हणून.

नाओमी

•

वाडी, वडखळजवळ
११ जानेवारी २०२६

चि. नाओमीस,
अनेक आशीर्वाद.

वरचा पत्ता बघितलास ना? लिहिताना मला कसं वाटलं ते सांगत नाही.

बावीस तारखेपासून तुला पत्र लिहिलं नाही, कारण काय लिहावं कळेना. तडजोडीचा हुकूमनामा झाला, न्यायाधीश बाई हसल्या, माझे वकील, माझे स्वतःचे वकील, बाहेर येऊन मला म्हणाले, “तुमच्या धाकट्या बहिणीचं मन फार मोठं हो.” सगळ्यांनी तुझा हात हातात घेतला. जोशुआने बर्फी वाटली. मी कोपऱ्यात उभी. सहा वर्षं ज्या घरासाठी भांडले ते मिळालं, आणि देणारी ठरलीस तू! त्या दिवशीही मला तुझा हेवा वाटला. आता यावर औषध नाही असं दिसतं.

गेल्या रविवारी इथे राहायला आले. अस्लमने सामान आणलं. कौलं उत्तम आहेत, जोशुआला सांग. ओटी झाडली, विहिरीचं पाणी काढलं, दाराच्या चौकटीला प्रार्थनेची डबी, मेझुझा लावला. इतकं बरं वाटत होतं. तेवढ्यात बांधावरून ती मिठागरवाल्यांची बायजा आली. कमरेवर हात ठेवून सगळं न्याहाळलं आणि म्हणाली, “काय गो बाय, नाओमीचे घरान रव्हाला आयलीस का?”

मी म्हटलं, “हे माझं घर आहे.”

“व्हय व्हय,” ती म्हणाली. “पन नाओमी कवा येनार हाय? तिला सांग, बायजा आठवन काढते.”

आठवडा झाला, रोज हेच चाललंय. दूधवाला म्हणतो नाओमीताईंच्या घरी. लाईटबिल वाटणारा म्हणतो नाओमीताईंचं घर. मी कोर्टाचा शिक्का असलेला हुकूमनामा काय गळ्यात बांधून फिरू? कालचं तर ऐक, बायजा जवळा घेऊन आली आणि मी उंबऱ्यात उभी असताना माझ्याच दारात तिने हाक मारली, “नाओमी ए!” सवयीने. मी म्हटलं, ती नाही. मग जवळा परत घेऊन गेली. मी तो खात नाही, आपल्या धर्मात त्याला मनाई आहे, हे तिला कुठे ठाऊक? तुला द्यायला आणला होता म्हणे, कालवणात टाकून तू खातेस तेही तिने सांगितलं. आईला कळलं असतं तर!

तेव्हा आता मुद्द्याचं लिहिते. येत्या शुक्रवारी ये. बायजाला बोलाव आणि तिच्यासमोर, बांधावर ऐकू जाईल असं, एकदा म्हण की हे हन्नाचं घर आहे. माझ्या म्हणण्याला इथे कुणी विचारत नाही. तुझ्या तोंडून आलं तरच खरं होईल, आणि हेही मला मागून घ्यावं लागतंय याचा किती संताप येतो ते तुला कळणार नाही.

आलीस की रविवारपर्यंत राहा. जोशुआलाही आण. आणि डबा आणू नकोस.

तुझी,
हन्ना

•

पेण,
१४ जानेवारी २०२६

प्रिय ताई,

येते. शुक्रवारी दुकान दुपारीच बंद करून दोघं येतो.

बायजाला सांगेन. बांधावर नाही, पार मिठागरापर्यंत ऐकू जाईल असं सांगेन, की घर हन्नाचं. ती ऐकेल माझं.

पण मग तूही माझं एक काम कर. बाबा गेले त्या दिवशी मी पेणहून धावत आले. तुझ्या दारात अष्टमी लोटली होती. ‘हन्नाताईंचे बाबा गेले,’ असं जो तो म्हणत होता. मला आत जायला वाट मिळेना, उंबऱ्याशी उभी राहून रडत होते. तेव्हा शेजारी नुकत्याच राहायला आलेल्या अस्लमने अगदी अदबीने मला खुर्ची आणून दिली आणि विचारलं, “तुम्ही त्यांच्या कोण?”

ताई, मी खुर्चीत बसून राहिले. नंतर तुझा दावा आला, आणि मग त्याला कळलं की मी कोर्टातली समोरची पार्टी. अजून तो मला तेवढ्यापुरतंच ओळखतो; तू त्याला सांगितलंस तेही दाव्याचंच.

त्याला सांग, मी कोण ते.

तुझी,
नाओमी